जुन्या कोचचा माणूस

कॉर्विन गावात आर्लेन वोंद्राला ओळखत नाही असा माणूस नव्हता, आणि त्याच्या घरात कधी गेलेला माणूसही नव्हता. घर रुळांच्या पलीकडे, धान्याच्या कोठारांच्या सावलीत. दोन खोल्या, एक पडवी, आणि फ्रीजमध्ये दूध, मोहरीची चटणी, फार तर सॉसेजचं एक पाकीट. घरी त्याचं काही नव्हतंच. जे होतं ते गावाबाहेरच्या टेकाडावर, कॉर्विन कॉलेजच्या अमेरिकन फुटबॉलच्या मैदानावर. सव्वीस वर्षं तो तिथे लाइनचा कोच होता. म्हणजे जी पाच धिप्पाड पोरं चेंडूवाल्याच्या पुढे भिंत होऊन उभी राहतात, मार खातात, आणि ज्यांचं नाव दुसऱ्या दिवशीच्या पेपरात कधीच येत नाही, ती त्याची पोरं.

त्याला तिथे आणलं बर्ट टीडमननं. दोघं तरुणपणी ह्याच कॉलेजकडून खेळलेले, बर्ट दोन वर्षं पुढे. पुढे बर्ट प्रमुख कोच झाला तेव्हा आर्लेन शेजारच्या गावी कोठारावर कामाला होता. बर्टनं फोन केला.

"काय करतोयस?"

"मका मोजतोय."

"सोड आणि ये."

आर्लेननं सोडला आणि आला. इतकंच. पगार काय, राहायचं कुठे, हे दोघांपैकी कोणाच्या डोक्यातही आलं नाही.

त्या पहिल्या वर्षापासून रविवारचं जेवण बर्टच्या घरी ठरलेलं. चर्च सुटलं की आर्लेन थेट तिकडेच जायचा. बर्टची बायको लॉइस सकाळीच मांस भट्टीत ठेवून चर्चला आलेली असायची. दार उघडलं की भाजलेल्या कांद्याचा वास अंगावर यायचा. त्याची खुर्ची खिडकीकडची. जेवण झालं की बर्ट टेबलावर खेळ मांडायचा. मिठाची बाटली इकडे, मिरपुडीची तिकडे, चमचे रांगेत. दोघं मग तासतासभर वाद घालत बसायचे.

"माझं मीठ आज कुठल्या जागेवर खेळतंय?" लॉइस स्वयंपाकघरातून विचारायची. "मला रश्शात घालायचंय."

"ते जखमी आहे," आर्लेन म्हणायचा. "मिरपूड घेऊन जा."

टीडमनांच्या दोन मुली त्याच्या देखत मोठ्या झाल्या. धाकटीला गाडी चालवायला त्यानंच शिकवलं, कापलेल्या मक्याच्या शेतात. मधे एकदा मार्लिस नावाची शाळेतली बाई त्याच्या आयुष्यात आली होती. दोन वर्षं दोघं बरोबर फिरले, नाचाला गेले. एकदा ती म्हणाली, येत्या रविवारी माझ्या आईवडिलांकडे जेवायला चल. तो सहज म्हणून गेला, "रविवारी तर मी बर्टकडे असतो." उन्हाळ्यात ती लिंकनला बदली घेऊन गेली. आपण काय बोललो हे त्याच्या ध्यानात यायला बरीच वर्षं लागली, आणि आलं तेव्हाही त्याला वाटलं, पण खरं तेच होतं.

मग बर्टचे तीन हंगाम ओळीनं वाईट गेले. पोरं मिळेनात, मिळाली ती टिकेनात, आणि खेळाची तऱ्हा बदलून कुठल्या कुठे गेली होती. नोव्हेंबरातला शेवटचा सामना हरल्यावर सोमवारी कॉलेजच्या अध्यक्षबाईंनी बर्टला बोलावलं. अर्ध्या तासात तो बाहेर आला, आपल्या पिकअपमध्ये बसला आणि घरी गेला.

ह्या धंद्याची एक रीत आहे. कोच गेला की त्याची माणसंही जातात. बर्टच्या हाताखाली चौघं होते. त्यातल्या तिघांनी त्याच आठवड्यात किल्ल्या ठेवल्या. डिसेंबरात आर्लेननंही एक खोकं आणलं आणि आपलं सामान भरायला घेतलं: शिट्ट्या, जुने बूट, सव्वीस वर्षांच्या पोरांचे फोटो.

खोकं अर्धं भरलं होतं तेव्हा नवा कोच दारात उभा राहिला. टेरेल गुडलो. ह्यूस्टनचा, पस्तीस-छत्तीसचा, काळा, उंच, बोलायला सावकाश. गावातली माणसं दुकानात त्याच्याशी जरा जास्तच हसून बोलायची, आणि तो ते ओळखूनही तेवढंच हसून उत्तर द्यायचा. त्याची बायको नर्स होती. ती आणि दोन मुली ह्यूस्टनलाच राहिल्या होत्या, घर विकलं जाईपर्यंत.

"हे खोकं कोणाचं?" त्यानं विचारलं.

"माझं."

गुडलो आत आला आणि फोटो बघत उभा राहिला. "मी लाइनमधल्या पोरांना एकेकटं भेटलो. सगळ्यांनी एकच सांगितलं. कोच व्ही जाणार असतील तर आम्हीपण दुसरीकडे बघतो."

"पोरं बोलतात तसं. तुम्ही मनावर घेऊ नका." वोंद्रा म्हणायला लांब पडतं म्हणून पोरं त्याला नुसतं व्ही म्हणायची.

"धमकी म्हणून नाही घेतलं, कोच. हेवा वाटला. माझ्यासाठी असं कोणी म्हणेल का, असं वाटलं." तो दाराकडे वळला. "मला माहितीये रीत काय आहे. मी आग्रह करणार नाही. पण तुम्ही राहिलात तर मला बरं वाटेल."

दुपारपर्यंत खोकं रिकामं झालं. कोणी रिकामं केलं हे आर्लेनला नीट आठवत नाही, पण खोलीत दुसरं कोणी नव्हतं.

त्याच संध्याकाळी तो बर्टकडे गेला. दुसऱ्याच्या तोंडून कळण्याआधी आपण सांगावं म्हणून. बर्ट गॅरेजमध्ये बर्फ काढायच्या यंत्रापुढे उकिडवा बसला होता, हाताला ग्रीस.

"तू राहतोयस," बर्ट मागे न बघताच म्हणाला. गाव लहान. बातमी आधीच पोचली होती.

"पोरं आहेत, बर्ट. स्टुकीचं एकच वर्ष राहिलंय. तुला माहितीये, त्याला आपण..."

"पोरं दर वर्षी असतात."

"आणि मी जाऊ कुठे?"

"मला विचारलं का कोणी, मी कुठे जाऊ म्हणून?" बर्ट आता उठला. हात पुसले, पण फडकं खाली ठेवलं नाही. "रॉजरनं सोडलं. त्याला तीन लेकरं आहेत, घरावर कर्ज आहे. आणि तू, ज्याला एक मांजर पोसायचं नाही, तू राहिलास."

बर्ट पुन्हा यंत्रापुढे बसला. आर्लेन निघून आला.

रविवारी तो तरीही गेला. सव्वीस वर्षांची सवय पाय आपोआप वळवते. त्याला वाटलं होतं, बर्ट चार दिवस धुमसेल, मग टेबलावर मिठाची बाटली ठेवेल आणि वाद घालायला लागेल. दोघांची भांडणं आजवर तशीच मिटली होती. दार लॉइसनं उघडलं. आतून कांद्याचा वास आला. ती बाहेर पडवीत आली आणि दार मागे ओढून घेतलं.

"आज नको, आर्लेन," ती म्हणाली. तिचे डोळे लाल होते. "थोडे दिवस जाऊ देत."

"बरं," तो म्हणाला.

थोडे दिवस गेले. मग हिवाळा गेला. लॉइसचा निरोप आला नाही, आणि त्यालाही पुन्हा ते दार वाजवायचं धैर्य झालं नाही. चर्चमध्ये टीडमन नवरा-बायको पुढच्या बाकावर बसायचे, हा मागे. 'तुम्हांला शांती असो' म्हणत सगळे एकमेकांचे हात हातात घेत तेव्हा बर्ट आपल्या रांगेपलीकडे यायचा नाही.

रविवारची दुपार किती लांब असते हे आर्लेनला सत्तावन्नाव्या वर्षी कळलं. त्यानं स्वतः मांस भाजून पाहिलं. ते बुटाच्या तळव्यासारखं झालं. हमरस्त्यावरच्या हॉटेलात जाऊन बघितलं. तिथे वाढणारी पोरगी विचारायची, "एकटेच का?" तिचं काही चुकत नव्हतं, तिला खुर्च्या लावायच्या असत. तो दुसऱ्यांदा गेला नाही.

आणि सकाळी कॉफीला जायचा तिथेही आता चैन नव्हती. बँकेसमोरच्या कॅफेत म्हाताऱ्यांचं एक टेबल असे. त्यातला डोरन हा निवृत्त न्हावी, जिभेला कातरी लावलेला.

"या, सूर्यफूल आलं!" डोरननं एकदा सगळ्यांसमोर हाक दिली.

"म्हणजे?" आर्लेननं विचारलं.

"म्हणजे कोच कुठूनही उगवो, तुझं तोंड तिकडे."

टेबल हसलं. त्याच टेबलावरचा दुसरा मग समजूत घालायला म्हणाला, "बरोबर केलंस तू. बर्टला दहा वर्षांपूर्वीच हाकलायला हवा होता." हे आर्लेनला पहिल्यापेक्षा जास्त लागलं. एकाला गप्प करावं तर दुसऱ्याची बाजू घेतल्यासारखं होई. त्यानं कॉफी अर्धी टाकली. पुढे तो पेट्रोलपंपावरून कागदी पेला घेऊन थेट मैदानावर जाऊ लागला.

ऑगस्टमध्ये सराव सुरू झाला. सगळंच वेगळं होतं. मैदानावर भोंगे लावून गाणी वाजत. दोन डावांच्या मधे पोरं घोळक्यात येऊन कुजबुजत नसत; बाजूनं कोणीतरी हातवारे करायचं की लगेच पुढचा डाव. नवे तीन मदतनीस विशी-पंचविशीतले, आर्लेनला 'सर' म्हणणारे, आपसात बोलताना मात्र तो जवळ आला की थांबणारे. वाईट नव्हती पोरं. जुन्या कोचचा माणूस म्हणून जरा जपून असायची, एवढंच. आर्लेनला हातवारे पाठ होईनात. एकदा त्यानं आपल्या पोरांना उजवीकडे रेटायला सांगितलं आणि डाव डावीकडचा निघाला. चेंडूवाला बिचारा मोकळ्यात सापडून आडवा झाला. गुडलो चालत आला.

"माझी चूक," तो पोरांना ऐकू जाईल असं म्हणाला. "मी कोच वोंद्रांना नीट सांगितलं नव्हतं."

सांगितलं होतं. दोनदा सांगितलं होतं. आर्लेनला त्या दिवशी घरी गेल्यावर त्या चांगुलपणाचंच जास्त वाईट वाटलं. बर्ट असता तर टोपी आपटून ओरडला असता, "आर्ल, झोपलायस का!" आणि मग दोघं हसले असते.

पहिला घरचा सामना कॉर्विन सणसणीत हरलं. सामना चालू असताना कधीतरी आर्लेनची नजर कुंपणापलीकडे गेली. कोठारांकडे जाणारा खडीचा रस्ता टेकाडाच्या बाजूनं जातो. तिथून मैदान दिसतं, तिकीट लागत नाही. त्या रस्त्यावर बर्टची हिरवी पिकअप उभी होती. काचेमागे कोणी दिसत नव्हतं, पण गाडी ओळखायला काच कशाला लागते. सामना संपायच्या जरा आधी ती निघून गेली.

पुढच्या घरच्या सामन्यालाही ती तिथे होती. त्याच्या पुढच्याही. आर्लेननं कोणाला सांगितलं नाही. पण आता तो सरावात पोरांना जास्त रेटू लागला, आणि शनिवारी आपली भिंत नीट उभी राहिली की त्याला वाटायचं, बघितलंस ना? आणि लगेच लाज वाटायची, कारण जे बघायचं ते बर्टशिवाय चाललेलं होतं.

कारण कॉर्विन आता जिंकायला लागलं होतं. आधी एक, मग लागोपाठ तीन. ऑक्टोबर आला, शेतांतून कापणीची यंत्रं फिरू लागली, आणि मक्याची बारीक धूळ वाऱ्यावर येऊन मैदानावर बसू लागली. पोरं खोकत खेळायची आणि जिंकायची. गावच्या दुकानांच्या काचांवर पुन्हा कॉलेजचे रंग लागले. ह्या सगळ्यात लाइनचा मोठा वाटा होता, आणि लाइनमध्ये जेरिट स्टुकीचा. हे मेनोनाइट ह्या साध्या राहणीच्या ख्रिस्ती पंथातल्या शेतकऱ्याचं पोर, दाराएवढं रुंद, चार शब्दांवर पाचवा न बोलणारं. त्याला एक वाईट खोड होती. पुढे रेटायचं असलं की तो बोटांवर यायचा आणि मागे सरायचं असलं की टाचांवर. समोरच्याला डाव आधीच कळायचा. बर्ट आणि आर्लेननं दोन वर्षं घसा कोरडा केला होता. गुडलोनं त्याला समोरच्याच्या जागी उभं केलं, आणि दुसऱ्या एका पोराला स्टुकीची नक्कल करायला सांगितलं. तिसऱ्या डावाला स्टुकी हसायला लागला. आठवडाभरात खोड गेली. आर्लेन बाजूला उभा राहून बघत होता. त्याला बरं वाटलं, आणि हे आपल्याला दोन वर्षांत का सुचलं नाही म्हणून वाईटही, दोन्ही एकदमच.

त्या महिन्यातल्या एका रविवारी घर खायला उठलं म्हणून तो दुपारीच मैदानाजवळच्या कचेरीत गेला. गुडलोच्या खोलीचं दार उघडं होतं. तो मोजे घालून टेबलाशी बसला होता, पुढ्यात कॉर्नफ्लेक्सचा वाडगा, आणि फोनमधून एक लहान मुलगी त्याला पडलेला दात दाखवत होती. आर्लेन मागे फिरायला लागला, पण गुडलोनं हातानंच थांबवलं. मुलीचा निरोप घेऊन त्यानं फोन पालथा ठेवला.

"बसा, कोच. मेजवानी आहे. कॉर्नफ्लेक्स."

आर्लेन बसला. गुडलोनं त्यालाही वाडगा भरून दिला. दोघं खात राहिले.

"तुम्ही रविवारी कुठे जायचात, मी ऐकलंय," गुडलो थोड्या वेळानं म्हणाला. "माझ्यामुळे ते तुटलं. मी विचार करतो त्याचा."

"तुमच्यामुळे नाही. खोकं मी रिकामं केलं."

"पस्तावता?"

आर्लेननं चमचा फिरवला. "पोरांकडे बघितलं की नाही," तो म्हणाला. "एरवी, हो."

गुडलोनं मान हलवली आणि संगणकावर शनिवारचा सामना लावला. दोघांनी तो अंधार पडेपर्यंत बघितला, कामाचं बोलले. चांगलं बोलले. पण दोघांचेही डोळे पडद्याकडे होते, आणि उठताना आर्लेनच्या लक्षात आलं की इतक्या वेळात एकदाही वाद झाला नाही.

नोव्हेंबरच्या सुरुवातीला त्यानं केस कापायला गेल्यावर ऐकलं की टीडमनांनी घर विकलं. थोरल्या मुलीजवळ, ॲरिझोनाला निघालेत. कापणाऱ्याला वाटलं ह्याला माहीत असणार. "तुम्ही जाणार असाल ना सामान हलवायला?" त्यानं सहज विचारलं. आर्लेन म्हणाला, "हो, जाणार तर."

आणि गेला. रविवारी सकाळी, न बोलावता. दारात मोठा ट्रक उभा होता, चर्चमधली दोन-चार माणसं खुर्च्या वाहत होती. त्याला बघून ती जरा बाजूला झाली. लॉइस दारात आली, त्याच्या दंडाला हात लावला आणि म्हणाली, "तळघरात तो फ्रीजर अडलाय. बर्ट कोणाला हात लावू देत नाहीये."

तळघरात बर्ट त्या पांढऱ्या धुडाला टेकून उभा होता. बारीक झाला होता. आर्लेनला बघून त्याच्या चेहऱ्यावर काही हललं नाही.

"मी खालची बाजू घेतो," आर्लेन म्हणाला.

"खालची माझी."

"तुझा गुडघा."

बर्टनं जिन्याकडे बघितलं, मग गुडघ्याकडे. "घे मग. आणि बडबड करू नकोस."

दोघांनी उचललं. पायरी, थांबा. पायरी, थांबा. "डावीकडे." "माझ्या की तुझ्या?" "माझ्या." "तिरका कर." "झालाय." एवढंच बोलणं. मधल्या वळणावर तो जिन्याच्या कठड्यात अडकला, आणि दोघं दोन टोकांना धापा टाकत, मधे फ्रीजर धरून उभे राहिले. एकमेकांचे चेहरे दिसत नव्हते.

"स्टुकी अजून टाचांवर जातो?" पलीकडून बर्टचा आवाज आला.

"नाही. सुटलं."

"लांबून मला तसंच वाटलं. कोणी सोडवलं?"

आर्लेनला क्षणभर वाटलं, मी म्हणावं. म्हातारा सुखानं जाईल. पण ह्या माणसाशी तो कधी खोटं बोलला नव्हता.

"गुडलोनं."

"कसं?"

आर्लेननं सांगितलं. पलीकडे बर्टनं पकड बदलली.

"म्हणजे काम येतं त्याला," बर्ट म्हणाला. "चल. उचल."

फ्रीजर ट्रकमध्ये चढला. बाकीचं सामान चढायला दुपार झाली. जेवायला कोणीतरी डब्यातून चिली, म्हणजे राजमा-खिम्याचा तिखट रस्सा, आणि दालचिनीचे रोल आणले होते. सगळ्यांनी अंगणात उभ्यानंच खाल्लं. बर्ट ट्रकच्या त्या बाजूला, आर्लेन ह्या बाजूला. निघताना लॉइसनं आर्लेनला मिठी मारली. "फोन करीन," ती म्हणाली. "खरंच करीन." बर्ट पिकअपमध्ये जाऊन बसला होता. गाडी वळवून समोरून नेताना त्यानं स्टिअरिंगवरची दोन बोटं वर केली. इकडे रस्त्यात समोरून कोणीही आलं, ओळखीचं असो नसो, की लोक तशी दोन बोटं वर करतात. आर्लेननं हात उचलला तोवर गाडी कोपऱ्यावर गेली होती.

पुढच्या शनिवारी हंगामातला शेवटचा सामना. जिंकले तर साखळीचं अजिंक्यपद. गावात दुकानं बंद, झाडून सगळे टेकाडावर, पालक ब्लँकेटं पांघरून. बोचरा वारा होता. शेवटच्या डावाला कॉर्विनला गोलरेषेपर्यंत दोन यार्ड हवे होते, आणि गुडलोनं कानावरचा हेडफोन काढून आर्लेनकडे बघितलं. "कोणाच्या मागून जाऊ, कोच?"

"स्टुकी."

स्टुकीनं समोरच्याला असा उचलून मागे नेला की पडला तेव्हा दोघंही रेषेच्या आत होते, आणि चेंडू घेतलेलं पोर त्यांच्या अंगावर. कॉर्विन जिंकलं. लोक कुंपणावरून उड्या मारून आत आले. पोरांनी आर्लेनलाच खांद्यावर घेतला. त्याची टोपी पडली, चष्मा वाकडा झाला, डोरन न्हावी खालून त्याचा पाय धरून ओरडत होता. त्या उंचीवरून त्याला खडीचा रस्ता स्वच्छ दिसला. रस्त्यावर कोणी नव्हतं. कोठारांकडून एक मक्यानं भरलेला ट्रक आला आणि न थांबता निघून गेला.

मग एकेक पोराला त्याचे आईबाप घेऊन गेले. स्टुकीची आई आर्लेनला म्हणाली, "तुम्हीही चला ना आमच्याबरोबर." स्टुकीनं मान डोलावली, म्हणजे त्याचाही आग्रह होता. पण त्यांच्याबरोबर आजी होती, बहिणी होत्या, दोन गाड्या भरल्या होत्या, आणि आर्लेन म्हणाला, "मला आवरायचंय इथलं." आवरण्यासारखं काही नव्हतं. त्यानं रिकाम्या बाकांखालचे पेले गोळा केले आणि अंधार पडायच्या आत घरी गेला.

डिसेंबरात गुडलो त्याच्या खोलीत आला आणि दार लावून घेतलं. टेक्ससमधल्या एका मोठ्या विद्यापीठानं त्याला बोलावलं होतं. ह्यूस्टनपासून तासाभरावर.

"सगळ्यांत आधी तुम्हाला सांगतोय," तो म्हणाला. त्याला बसवत नव्हतं. "चला माझ्याबरोबर. मी बोललोय तिकडे. तुम्हाला जागा आहे."

आर्लेननं टेबलावरची शिट्टी उचलून खणात ठेवली.

"मी तुम्हाला थांबवलं, आणि मीच चाललो. मला कळतंय ते कसं दिसतं."

"धाकटीचा दात आला का?" आर्लेननं विचारलं.

"काय? हो. आला."

"तुम्ही बघितला नसेल अजून."

"फोनवर बघितला."

"जा मग," आर्लेन म्हणाला. "मला थांबवलंत, हे काही तुम्ही थांबून राहण्यासारखं कारण नाही."

"आणि तुम्ही?"

आर्लेन खिडकीबाहेर बघत होता. मैदान पिवळं पडलं होतं, रेषा अर्ध्या पुसलेल्या. "मी तिकडे जाऊन उन्हात काय करू," तो म्हणाला. गुडलोनं हात पुढे केला, आणि मग हात सोडून त्याला कवटाळलंच. आर्लेनला अशा वेळी हात कुठे ठेवायचे ते कधीच कळलं नव्हतं.

आता रीतीप्रमाणे गुडलोचे तिघं मदतनीसही त्याच्याबरोबर गेले. हिवाळाभर त्या इमारतीत आर्लेन एकटाच होता. पोरं व्यायामाला यायची तेव्हा दार तोच उघडायचा. "आता कोण येणार, कोच व्ही?" ती विचारायची. "येईल कोणीतरी," तो म्हणायचा. "तू खाली वाक नीट. पाठ सरळ."

लॉइसनं फोन केला, बोलल्याप्रमाणे. मग महिन्यातून एकदा करू लागली. तिकडे रस्त्याकडेला संत्री लागतात, शेजारी सगळे म्हातारे, नात हुशार आहे. मागे टीव्हीचा आवाज असायचा, आणि तो मधेच कमी व्हायचा. ती कधी म्हणाली नाही, थांब, बर्टला देते. आर्लेननं कधी मागितलं नाही.

फेब्रुवारीत एका दुपारी कचेरीत असताना तिचा फोन येऊन गेलेला दिसला म्हणून त्यानं उलटा लावला. बराच वेळ वाजला. मग कोणीतरी उचलला आणि बोललंच नाही.

"लॉइस?" आर्लेन म्हणाला.

"बाहेर गेलीय ती." बर्ट.

"बरं."

फोन कोणीच ठेवला नाही.

"नवा कोण आणला?" बर्टनं विचारलं.

"अजून नाही ठरलं. दोघं येऊन बघून गेले."

"हं." तिकडे टीव्ही नव्हता चालू. "बर्फ आहे का तिकडे?"

"आहे. काल पडलं."

"किती?"

आर्लेननं खिडकीतून बघितलं. "कुंपणाच्या खालच्या तारेपर्यंत. वाऱ्यानं उत्तरेकडच्या बाकांवर ढीग घातलाय."

"उत्तरेकडेच घालतो तो," बर्ट म्हणाला. "इथे नुसतं ऊन आहे." आणि जरा वेळानं, "बरं, सांगतो तिला," म्हणून त्यानं फोन ठेवला.

आर्लेननं फोन खिशात टाकला. मग त्यानं बूट चढवले, कोपऱ्यातलं फावडं घेतलं आणि पायऱ्या मोकळ्या करायला बाहेर गेला. पोरं यायची वेळ झाली होती.